अपोस्टोलची दोन पुस्तकं: नागपूरकर नवख्यांसाठी वाचनाची वाट

प्राध्यापकपदासाठीच्या नेट परीक्षेच्या गणिताच्या अभ्यासक्रमात संख्या सिद्धांत ऑयलरच्या फाय फंक्शनपर्यंत आणि प्रिमिटिव्ह रूटपर्यंत येतो आणि तिथेच थांबतो. त्यापुढे काय आहे, याची ओढ लागलेली मुलंमुली नागपुरात कमी नाहीत. कोणी एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असतं, कोणी शाळेत दहावीला गणित शिकवतं, कोणी इंजिनीअर होऊन मिहानमध्ये नोकरीला लागलेलं असतं. रामानुजनच्या टाऊ फंक्शनबद्दल किंवा फर्माच्या शेवटच्या प्रमेयाबद्दल कुठेतरी वाचलेलं असतं, आणि ‘मॉड्यूलर फॉर्म’ (चलाच्या ठराविक रूपांतरांत ठरलेल्या नियमानं बदलणारं कॉम्प्लेक्स फंक्शन) हे नाव तेव्हापासून डोक्यात घोळत असतं. मग एखादं जाडजूड पुस्तक उघडलं जातं, पहिल्याच पानावर चार अनोळखी संज्ञा भेटतात आणि गाडी तिथेच अडते.

अशा माणसाला मी टॉम अपोस्टोल यांची दोन पुस्तकं सुचवतो: ‘इंट्रोडक्शन टू ॲनालिटिक नंबर थिअरी’ आणि ‘मॉड्यूलर फंक्शन्स अँड डिरिक्ले सीरीज इन नंबर थिअरी’. दोन्ही स्प्रिंगरनं १९७६ मध्ये काढली. कॅलटेकमध्ये पंचवीस वर्षं शिकवलेल्या एकाच कोर्समधून ती तयार झाली, म्हणजे मुळात हा एकच ग्रंथ दोन खंडांत आहे. पण एक अट घालतो. पहिलं पुस्तक पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत संपवायचं आणि मगच दुसरं उघडायचं, असं करू नका. तसं करणारे बहुतेक जण पहिल्या पुस्तकाच्या बाराव्या प्रकरणात थकतात आणि मॉड्यूलर फॉर्मपर्यंत पोचतच नाहीत. वाट थोडी वेगळी आखावी लागते. ती कशी, ते खाली सांगतो.

लेखकाबद्दल थोडंसं

अपोस्टोल यांचा जन्म १९२३ चा, अमेरिकेच्या युटा राज्यातल्या हेल्पर नावाच्या लहानशा गावातला. आईवडील ग्रीक. (आपलं नागपूर विद्यापीठही १९२३ चंच.) बर्कलीला डी. एच. लेमर यांच्या हाताखाली १९४८ मध्ये पीएच.डी. केली, १९५० पासून कॅलटेकला शिकवलं, २०१६ मध्ये वारले. लेमर हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागेल. बी.एस्सी.ला ज्यांनी ‘मॅथेमॅटिकल ॲनालिसिस’ किंवा कॅल्क्युलसचे दोन खंड चाळले असतील त्यांना हा लेखक ओळखीचा आहेच. लिहिण्याची तऱ्हाही तीच: व्याख्या, प्रमेय, सिद्धता, पुढे चला. फुलोरा नाही. काहींना हे कोरडं वाटतं. एकट्यानं शिकणाऱ्याला मात्र ते सोयीचं पडतं, कारण सिद्धतेची पायरी गाळलेली फारशी सापडत नाही.

पायरी १: पुस्तक हाती घेणं

पहिल्या खंडाची भारतीय आवृत्ती नरोसानं काढलेली आहे, ती परदेशी प्रतीपेक्षा बरीच स्वस्त पडते. बर्डीच्या दुकानांत स्पर्धा परीक्षांची पुस्तकं जास्त, त्यामुळे दुकानदाराला नाव लिहून देऊन मागवायला सांगा. नुसतं ‘अपोस्टोल’ म्हणालात तर कॅल्क्युलस हातात पडेल.

ग्रंथालयात बघायचं असेल तर अमरावती रोडवरच्या विद्यापीठ परिसरात गणित विभाग आहे, दक्षिण अंबाझरी रोडवर व्हीएनआयटी आहे, आणि हिस्लॉप किंवा विज्ञान संस्थेसारखी जुनी कॉलेजं आहेत. बाहेरच्या वाचकाला सगळीकडे आत सोडतीलच असं नाही. आपल्या कॉलेजच्या ग्रंथपालांचं पत्र सोबत असलं की निदान विचारायला तोंड राहतं. डेसिमल पद्धतीनं लावलेल्या कपाटात ५१२.७ हा क्रमांक शोधा, संख्या सिद्धांत तिथे असतो. दुसरा खंड तिथे दिसला नाही तर ५१५ च्या रांगेत, कॉम्प्लेक्स फंक्शनच्या पुस्तकांत, एकदा नजर टाका.

दुसऱ्या खंडाची १९९० ची दुसरी आवृत्ती मिळाली तर तीच घ्या. डेडेकिंडच्या ईटा फंक्शनच्या रूपांतर सूत्राची आणखी एक सिद्धता तिच्या शेवटी पाच पानांच्या पुरवणीत जोडली आहे. पहिली आवृत्ती मिळाली तरी काम अडत नाही.

पायरी २: तयारी तपासणं

पहिल्या खंडाच्या पहिल्या दहा प्रकरणांना कॅल्क्युलस आणि थोडा धीर एवढं पुरतं. संख्या सिद्धांत आधी शिकलेला असण्याचीही गरज नाही. अकराव्यापासून पुढे कॉम्प्लेक्स ॲनालिसिस लागतं, आणि दुसऱ्या खंडात तर पहिल्या पानापासून लागतं.

स्वतःची परीक्षा अशी घ्या. एखाद्या अनंत श्रेणीतलं प्रत्येक पद ॲनालिटिक आहे आणि श्रेणी एकसमान अभिसारी आहे, तर बेरीजही ॲनालिटिक का होते, हे पुस्तक बंद ठेवून सांगता येतं का? कोटँजंटचे रेसिड्यू काढता येतात का? तिसरं, १२ च्या सापेक्ष मूळ असलेल्या शेषांचा गट कसा दिसतो, ते लिहिता येतं का? पहिल्या दोन्हींना ‘नाही’ असं उत्तर आलं तरी आजच सुरू करा, कारण दहा प्रकरणं वाचेस्तोवर कॉम्प्लेक्सची उजळणी शेजारी चालू ठेवता येते. तिसऱ्याला ‘नाही’ आलं तर पाचवं आणि सहावं प्रकरण सावकाश घ्या, एवढंच.

वेळेचं म्हणाल, तर उन्हाळी परीक्षा आटोपली की सुरुवात करावी. मे महिन्यात दुपारी कूलरसमोरही डोकं चालत नाही, म्हणून सकाळी सहा ते नऊ. दिवाळीपर्यंत पहिल्या खंडातला आवश्यक भाग होतो. दुसऱ्या खंडाचं जड प्रकरण डिसेंबरात ठेवा. हिवाळी अधिवेशनात सिव्हिल लाइन्सचे रस्ते अडलेले असतात, घरीच बसणं होतं.

पायरी ३: पहिल्या खंडाची पहिली चार प्रकरणं, हातानं

इथे घाई करू नका. सगळ्यात जास्त वेळ इथेच द्या.

पहिलं प्रकरण ओळखीचं आहे: भाज्यता, गसावि, मूळ अवयव. एका बैठकीत संपतं. दुसऱ्यात मोबियसचं म्यू (एखाद्या मूळ अवयवाचा वर्ग संख्येत असेल तर शून्य, नाहीतर मूळ अवयव सम असतील तर १, विषम असतील तर उणे १), ऑयलरचं फाय (त्या संख्येपर्यंतच्या, तिच्याशी सापेक्ष मूळ असलेल्या संख्या किती ते), विभाजकांची संख्या सांगणारं फंक्शन, आणि या सगळ्यांना एकत्र बांधणारा डिरिक्ले गुणाकार येतो. हा गुणाकार म्हणजे या प्रकरणाचा प्राण. संख्येच्या विभाजकांवर बेरीज करणारी जी सूत्रं शाळेपासून सुटी सुटी दिसत आली, ती सगळी एका बीजगणितात बसतात, आणि मोबियस उलटापालट ही त्या बीजगणितातली साधी ‘व्यस्त’ क्रिया ठरते.

सरावासाठी वहीसुद्धा लागत नाही. झाशी राणी चौकातल्या सिग्नलला थांबलात की समोरच्या गाडीची पाटी वाचा. एमएच ३१: मूळ संख्या, म्यू उणे १, फाय ३०, विभाजक २. एमएच ४९: सातचा वर्ग, म्हणून म्यू शून्य, फाय ४२, विभाजक ३. ग्रामीणची एमएच ४०: दोनचा घन गुणिले पाच, म्यू पुन्हा शून्य, फाय १६, विभाजक ८. मग पाटीचे शेवटचे चार आकडे घ्या. २३१० दिसला तर नशीब, कारण ती २, ३, ५, ७, ११ या पाच वेगवेगळ्या मूळ संख्यांचा गुणाकार आहे आणि म्यू उणे १ येतं. घरी आल्यावर १२ च्या सगळ्या विभाजकांचे फाय मिळवा: १, १, २, २, २, ४. बेरीज १२. हे प्रमेय पानावर वाचण्याआधी पाच-सहा संख्यांवर दिसलेलं असावं.

तिसऱ्या प्रकरणात पुस्तकाचा सूर बदलतो. एकेका संख्येचे विभाजक कधी दोन, कधी बारा, काही ताळमेळ नाही. पण १ पासून एखाद्या मर्यादेपर्यंत सगळ्यांची बेरीज घेतली तर ती शिस्तीत वाढते. डिरिक्लेनं १८४९ मध्ये दाखवलं की ही बेरीज साधारणपणे मर्यादा गुणिले तिचा नैसर्गिक लॉगरिदम, अधिक मर्यादेच्या ०.१५४ पट एवढी येते, आणि चूक मर्यादेच्या वर्गमुळाच्या काही स्थिर पटीत राहते.

हे करून बघा. १ ते १० च्या विभाजकांच्या संख्या: १, २, २, ३, २, ४, २, ४, ३, ४. बेरीज २७. आता दुसऱ्या बाजूनं मोजा: १० पर्यंत १ चे गुणक दहा, २ चे पाच, ३ चे तीन, ४ चे दोन, ५ चे दोन, आणि ६ ते १० यांचा प्रत्येकी एक. पुन्हा २७. ही दुहेरी मोजणी पकडली की डिरिक्लेची सिद्धता अर्धी झाली, बाकी अर्धी म्हणजे हायपरबोलाच्या दोन्ही बाजूंनी नीट मोजणं. १०० पर्यंत खरी बेरीज ४८२ आहे. सूत्र ४७६ च्या आसपास देतं. फरक सहाचा.

‘बिग ओ’ या चिन्हाची बऱ्याच जणांना धास्ती असते. काहून, ते मला कळलेलं नाही, कारण त्याचा अर्थ ‘एवढ्याच्या स्थिर पटीहून जास्त नाही’ इतकाच. तो स्थिरांक किती, ते चिन्ह सांगत नाही. हे एक ध्यानात ठेवलं तर तिसऱ्या प्रकरणातलं सगळं हिशेबाचं काम सुरळीत होतं. ऑयलरचं बेरीज-सूत्र आणि चौथ्या प्रकरणातलं आबेलचं नित्यसमीकरण मात्र पाठच हवीत, पुढे दर प्रकरणात लागतात.

चौथ्या प्रकरणात मूळ संख्यांचं वितरण आहे. १०० पर्यंत २५, १,००० पर्यंत १६८, दहा लाखांपर्यंत ७८,४९८. मूळ संख्या प्रमेयाची वेगवेगळी रूपं एकमेकांशी समतुल्य कशी, ते इथे सिद्ध होतं, प्रमेय स्वतः नाही. शेवटचा सेलबर्गचा भाग पहिल्या वाचनात सोडा.

पायरी ४: पाच ते दहा, निवडून

पाचवं प्रकरण काँग्रुअन्सचं. बी.एस्सी.ला झालं असेल तर चाळा. सहावं आणि सातवं जोडीनं वाचा. सहाव्यात सान्त आबेलियन गटांचे कॅरेक्टर (गटातला गुणाकार जपणारी कॉम्प्लेक्स किमतींची फंक्शन) येतात आणि सातव्यात त्यांचा उपयोग करून डिरिक्लेचं १८३७ चं प्रमेय सिद्ध होतं: पहिलं पद आणि फरक सापेक्ष मूळ असतील तर अशा अंकगणिती श्रेढीत मूळ संख्या अनंत असतात. शेवटचा अंक ७ असलेल्या मूळ संख्या घ्या: ७, १७, ३७, ४७, ६७, ९७. शंभरच्या आत सहा. शेवटी ३ असलेल्या सात, १ असलेल्या पाच, ९ असलेल्या पाच. चारही गट जवळपास सारखे वाढतात, आणि ते का, हे कॅरेक्टर सांगतात. अपोस्टोल इथे शपिरोची सिद्धता देतात, तिला कॉम्प्लेक्स ॲनालिसिस लागत नाही. एका मुद्द्यावर सगळं उभं आहे: कॅरेक्टर सहगुणक असलेल्या श्रेणीची, म्हणजे एल फंक्शनची, १ या बिंदूवरची किंमत शून्य नसणं. तेवढा भाग कागदावर स्वतः लिहून काढा.

आठव्यातल्या गाऊस बेरजा आणि नवव्यातली द्विघाती व्युत्क्रमता वाचा. दहावं प्रकरण नेटच्या तयारीत झालेलंच असतं.

पायरी ५: तेराव्याआधी चौदावं

इथून वाट वाकडी होते. अकरावं प्रकरण, म्हणजे डिरिक्ले श्रेणी (पदांना १, २, ३ यांच्या एकाच घातानं भागून केलेली बेरीज) आणि ऑयलर गुणाकार, पूर्ण करा. मग बारावं आणि तेरावं बाजूला ठेवून सरळ चौदाव्यावर जा. ते पार्टिशनचं प्रकरण आहे. आपल्या मेट्रोची ऑरेंज आणि ॲक्वा लाइन जशी सीताबर्डीला एकमेकींना भेटते, तसे हे दोन खंड इथे भेटतात. गाडी इथेच बदलायची.

पार्टिशन म्हणजे एखादी संख्या धन पूर्णांकांच्या बेरजेनं किती तऱ्हांनी लिहिता येते ते, क्रम न मोजता. ४ च्या पाच तऱ्हा: ४, ३+१, २+२, २+१+१, १+१+१+१. ऑयलरच्या पंचकोनी संख्यांच्या प्रमेयातून पुढची किंमत आधीच्यांवरून काढता येते: एक मागची अधिक दोन मागची, उणे पाच मागची, उणे सात मागची, मग बारा आणि पंधरा मागच्या पुन्हा अधिक. १० साठी: ३० अधिक २२ उणे ७ उणे ३, उत्तर ४२. याच रीतीनं मॅकमहॉन यांनी २०० पर्यंतचा तक्ता हातानं केला होता. २०० ची किंमत ३९,७२,९९,९०,२९,३८८ आहे. तुम्ही वीसपर्यंत करा, पुरे. वीसला ६२७ यायला हवेत.

आता आपल्या तक्त्यात ४, ९, १४, १९ या जागा बघा: ५, ३०, १३५, ४९०. सगळे पाचनं भाग जाणारे. रामानुजननं ही गोष्ट अशाच तक्त्यात हेरली आणि सिद्धही केली. चौदाव्या प्रकरणाच्या अखेरीस रामानुजनची ती समीकरणं आहेत.

पार्टिशनचं जनरेटिंग फंक्शन म्हणजे एका अनंत गुणाकाराचा व्यस्त, आणि त्याच गुणाकाराला एक छोटासा घटक लावला की डेडेकिंडचं ईटा फंक्शन तयार होतं. मॉड्यूलर जगाचं दार ते हेच. दार दिसलं की मग बारावं-तेरावं वाचायचा धीर आपोआप येतो.

बाराव्याबद्दल एक युक्ती. अपोस्टोल तिथे रीमानच्या झीटाऐवजी हुर्विट्झचं दोन चलांचं झीटा घेऊन सुरू करतात. नवख्याला ते उगाच लांबण वाटतं. पहिल्या वाचनात दुसऱ्या चलाची किंमत सगळीकडे १ ठेवा, रीमान झीटा मिळतं. दुसऱ्या वाचनात चल परत आणा, तेव्हा एल फंक्शनसाठी त्याची गरज का पडली ते कळेल. तेराव्यात मूळ संख्या प्रमेय आहे, १८९६ मध्ये आदामार आणि द ला व्हाले पूसँ यांनी स्वतंत्रपणे सिद्ध केलेलं. दोन आठवडे द्या. ते नंतर केलं तरी दुसऱ्या खंडाचं फारसं अडत नाही.

पायरी ६: दुसरा खंड, पण या क्रमानं

आधी शेवटच्या कोऱ्या पानावर चिन्हांचा तक्ता करा. अपोस्टोल वरच्या अर्ध्या प्रतलातल्या बिंदूला टाऊ म्हणतात आणि रामानुजनच्या फंक्शनलाही टाऊ. कंस आणि पूर्णांक दिसला की दुसरा समजायचा. क्लाइनचं मोठं ‘जे’ आणि त्याच्या १,७२८ पट असलेलं छोटं ‘जे’ वेगळी. इतर पुस्तकं ज्याला नुसतं मॉड्यूलर फॉर्म म्हणतात, त्याला इथे ‘एंटायर’ हे विशेषण लागतं. वेट, म्हणजे रूपांतराच्या नियमात येणारा घात, मोजण्याची पद्धतही लेखकागणिक बदलते, कोणी निम्मं धरतं. दुसरं पुस्तक शेजारी ठेवून वाचत असाल तर आधी ते जुळवून घ्या, नाहीतर डेल्टाचं (रामानुजनचं टाऊ ज्यातून निघतं त्या फंक्शनचं) वेट एका ठिकाणी १२ आणि दुसऱ्या ठिकाणी ६ दिसून बुचकळ्यात पडाल.

पहिलं प्रकरण एलिप्टिक फंक्शनचं. दुहेरी आवर्तन, वायरश्ट्रासचं फंक्शन, आयझेनश्टाइन श्रेणी, आणि शेवटी डेल्टा व जे यांचे फूरिये विस्तार. पूर्ण वाचा. दुसऱ्या प्रकरणात मॉड्यूलर गट आणि त्याचा मूलभूत प्रदेश आहे. ते चित्र पुस्तकात बघून भागत नाही. कंपास आणि पट्टी घेऊन स्वतः काढा, मग एकनं सरकवणं आणि उणे व्यस्त घेणं या दोन क्रियांनी शेजारचे आठ-दहा तुकडे काढा. शाळेत शिकवणाऱ्यांना हे काम फार आवडतं, असा माझा अनुभव आहे.

तिसऱ्या प्रकरणात ईटाचं रूपांतर सूत्र येतं. झीगेलची रेसिड्यूवरची छोटी सिद्धता नीट करा. नंतरच्या डेडेकिंड बेरजा आणि इसेकीचं सूत्र यांत पहिल्यांदा अडकू नका. डेल्टाचा अनंत गुणाकार मात्र हवाच, कारण पुढची गंमत तिथून निघते.

तो गुणाकार असा: एक चल, गुणिले (१ उणे त्या चलाचा पहिला घात), (१ उणे दुसरा घात), अशा सगळ्या कंसांचा चोविसावा घात. विस्तारात येणारे सहगुणक म्हणजे रामानुजनचं टाऊ. पहिला कंस २४ वेळा गुणला की १ उणे २४, मग अधिक २७६. दुसऱ्या कंसातून त्याच घातापाशी उणे २४ येतात. २७६ उणे २४ म्हणजे २५२. झालं, टाऊ(१) = १, टाऊ(२) = −२४, टाऊ(३) = २५२. पुढचे: टाऊ(४) = −१,४७२, टाऊ(५) = ४,८३०, टाऊ(६) = −६,०४८.

आता −२४ ला २५२ नं गुणा. −६,०४८. म्हणजे टाऊ(६). −२४ चा वर्ग ५७६, त्यातून दोनचा अकरावा घात २,०४८ वजा करा: −१,४७२, म्हणजे टाऊ(४). रामानुजननं १९१६ मध्ये हे नियम लिहून ठेवले, मॉर्डेलनं १९१७ मध्ये सिद्ध केले, आणि हेके यांनी पुढे १९३० च्या दशकात असं होण्याचं कारण सांगणारी पद्धत उभी केली.

आणखी एक तपासणी करा. २ च्या विभाजकांच्या अकराव्या घातांची बेरीज २,०४९. त्यातून टाऊ(२) वजा करा: २,०७३, म्हणजे ६९१ च्या तिप्पट. ३ साठी तीच बेरीज १,७७,१४८. २५२ वजा जाता १,७६,८९६ उरतात, ६९१ च्या बरोबर २५६ पट. ५ साठी तुम्ही करा.

हे आकडे हाताशी असताना चौथं आणि पाचवं ओलांडून सरळ सहाव्या प्रकरणावर जा. हेके ऑपरेटर (एका मॉड्यूलर फॉर्मवरून त्याच वेटचा दुसरा बनवणाऱ्या क्रिया) तिथे आहेत, आणि मॉड्यूलर फॉर्मवरून डिरिक्ले श्रेणी कशी बनते तेही. दोन्ही खंडांत मिळून माझ्या मते हे सर्वोत्तम प्रकरण आहे. आकडे न करता ते वाचणाऱ्याला हेके ऑपरेटर आकाशातून पडल्यासारखे वाटतात. केलेल्याला ते अपेक्षितच असतात. टाऊच्या आकाराबद्दलचा रामानुजनचा अंदाज देलीन यांनी १९७४ मध्ये सिद्ध केला, ती सिद्धता या पुस्तकाच्या आवाक्याबाहेरची. आणि टाऊची किंमत कधी शून्य होते का, हा प्रश्न १९४७ मध्ये विचारला तो अपोस्टोल यांचे गुरू लेमर यांनीच. तो अजून सुटलेला नाही.

सहावं झालं की पाचवं. हार्डी आणि रामानुजन यांनी १९१८ मध्ये पार्टिशनसाठी अंदाजे सूत्र दिलं, राडेमाखर यांनी १९३७ मध्ये त्याचं अचूक अभिसारी श्रेणीत रूपांतर केलं. फॅरे अपूर्णांक, फोर्ड वर्तुळं आणि त्यांच्या कडेकडेनं जाणारा इंटिग्रेशनचा मार्ग, सगळं इथे आहे. डिसेंबरात ठेवायचं जड प्रकरण ते हेच. मग चौथं: छोट्या ‘जे’च्या सहगुणकांचे काँग्रुअन्स. सहगुणक असे: ७४४, १,९६,८८४, २,१४,९३,७६०. शेवटच्याला दोनच्या अकराव्या घातानं, म्हणजे २,०४८ नं भागा, बाकी शून्य येते. सातवं-आठवं प्रकरण, क्रोनेकर आणि बोर यांचं, वेगळ्या दिशेला जातं. झीटाच्या किमतींत रस असेल तरच.

पायरी ७: सोबती आणि संगणक

दोन्ही पुस्तकांत प्रकरणाच्या शेवटी भरपूर उदाहरणं आहेत आणि मागे उत्तरं नाहीत. म्हणून सोबती लागतो. धरमपेठेतल्या किंवा महालातल्या अभ्यासिकेत शेजारी बसलेला एमपीएससीवाला तुमचा कोटँजंट ऐकून घेणार नाही. विभागातल्या सरांना किंवा मॅडमना आधी एक नेमका प्रश्न लिहून पाठवा. ‘मार्गदर्शन करा’ असं मोघम म्हटलं की भेट पुढे ढकलली जाते. ‘बाराव्या प्रकरणात मार्ग का वळवला’ असं विचारलं की माणूस खुर्ची पुढे ओढतो. दोघंतिघं जमलात तर आठवड्यातून एकदा एकानं फळ्यावर, मराठीतून, एक सिद्धता मांडायची. संज्ञा इंग्रजीच राहू द्या, वाक्यं आपली.

उन्हाळ्यात एमटीटीएसचं (मॅथेमॅटिक्स ट्रेनिंग अँड टॅलेंट सर्च) शिबिर असतं, पदवीच्या मुलांनी अर्ज जरूर करावा. पुण्यात भास्कराचार्य प्रतिष्ठान आहे, श्रीराम अभ्यंकरांनी १९७६ मध्ये सुरू केलेलं. तिथले कार्यक्रम बघत राहा, नागपूरहून रात्रीची गाडी आहेच.

संगणकासाठी पॅरी-जीपी हे संख्या सिद्धांताचं सॉफ्टवेअर उतरवून घ्या. फुकट आहे, जुन्या लॅपटॉपवरही चालतं, आणि टाऊ व पार्टिशन दोन्हींसाठी त्यात तयार फंक्शन आहेत. नियम एकच: पहिल्या वीस किमती हातानं, मग यंत्रानं पडताळा, मग हजारापर्यंत यंत्रालाच काम करू द्या. शंभराची पार्टिशन संख्या १९,०५,६९,२९२ आली की बसवलेलं सॉफ्टवेअर ठीक चालतंय.

यापुढे

सेर यांचं ‘अ कोर्स इन अरिथमेटिक’ सव्वाशे पानांच्या आतलं आहे. त्याच्या सहाव्या प्रकरणात डिरिक्लेचं प्रमेय आहे आणि सातव्यात मॉड्यूलर फॉर्म, म्हणजे तुम्ही अपोस्टोलकडे केलेलंच, निम्म्या जागेत आणि दुसऱ्या नजरेनं. अपोस्टोलचं सहावं प्रकरण संपल्याच्याच आठवड्यात ते उघडा. एलिप्टिक वक्रांकडे जायचं असेल तर कोब्लिट्झ यांचं ‘इंट्रोडक्शन टू एलिप्टिक कर्व्ह्ज अँड मॉड्यूलर फॉर्म्स’, ते काटकोन त्रिकोणांच्या क्षेत्रफळाच्या एका जुन्या प्रश्नापासून सुरू होतं. उदाहरणं सोडवत शिकणाऱ्यांनी राम मूर्ती यांची ‘प्रॉब्लेम्स’ मालिका घ्यावी, तिच्यात उत्तरं सविस्तर दिलेली आहेत. तिन्ही एकदम विकत घेऊ नका. आधी ग्रंथालयात प्रत्येकाची पहिली वीस पानं वाचून बघा.